‘आमचे हे’ आणि पंख्याखालची खुर्ची

‘आमचे हे’ नावाच्या अकाउंटवर कुणी एक निनावी बाई आपल्या नवऱ्याचे पराक्रम लिहायची. आमचं सगळं ऑफिस ते वाचायचं आणि सर्वांत मोठ्याने मी हसायचो. (असेही नवरे असतात, याचं मला नवल वाटे.)

“ही बाई कोण ते शोधा,” हेडक्लार्क म्हणाले, “माझी पंख्याखालची खुर्ची तुमची.”

माझी खुर्ची अकरा वर्षं संडासाच्या दाराशी आहे. मी पैज घेतली.

घरी येताच, कुणाचंही अकाउंट दोन मिनिटांत उघडून देणारं टूल डाउनलोड केलं. आत एक अर्ज होता. नाव, मोबाइल आणि ‘पडताळणीसाठी’ माझाच पासवर्ड. आता, रिकाम्या रकान्यापायी मी बावीस वर्षं लोकांचे अर्ज परत पाठवतोय. मी कसा सोडणार? मोबाइलवर आलेला कोडसुद्धा भरला. खाली ‘शेरा’ होता, तिथे ‘वरील माहिती खरी आहे’ असं लिहिलं.

दोन मिनिटांत अकाउंट खरंच उघडलं. माझं. चोर आत आणि मी बाहेर. लगेच सासऱ्यांचा फोन आला.

“जावईबापू, बायकोचं अकाउंट उघडायचं टूल तुम्ही पाठवलंत, ते चालवायचं कसं?”

“हात लावू नका त्याला,” मी ओरडलो. चोर माझ्या नावाने सगळ्या गोतावळ्याला गंडवत होता.

बायकोने फोन काढून घेतला. मी भरलेला अर्ज शेऱ्यासकट वाचला, टूल उडवलं, पासवर्ड बदलला, चोराला हुसकावलं, सगळ्यांना सावध केलं. (मी शेजारी उभा राहून सूचना देत होतो.) अर्ध्या तासात अकाउंट परत.

“चोरावर जिंकलो की नाही?” मी म्हणालो.

“जिंकलात हो,” ती काहीतरी टाइप करत म्हणाली.

सकाळी ऑफिसात हशा पिकला होता. नवी पोस्ट होती: ‘आमच्या ह्यांनी चोराला रीतसर अर्ज भरून दिला. शेरा: वरील माहिती खरी आहे.’

तो शेरा घरात दोघांनाच ठाऊक होता. मी चटकन ताडलं. छाती फुगली. अब्रू की पंखा, असा क्षणभर विचार केला आणि सरळ हेडक्लार्कच्या टेबलापाशी गेलो.

“सापडली. ती माझी बायको.”

हेडक्लार्क खुर्चीतून उठले. “बसा. शब्द म्हणजे शब्द. आम्हाला पहिल्याच पोस्टला कळलं होतं, पण पैज तुमच्याशी होती.”

मी ऐटीत बसलो आणि बायकोला फोन करून निकाल कळवला. काय तो वारा! चार वाजता तिथेच ‘आमचे हे’ उघडलं.

‘ह्यांना आज कळलं. तीन वर्षं लागली.’

पहिला लाइक सासऱ्यांचा होता.