साडूंच्या तोडीचं दार

बायको बहिणीकडून परत आली ती दाराचं कौतुक घेऊनच. चपला काढता काढता म्हणाली, "दाजींनी बेडरूमचं दार स्वतः रंगवलंय. चेहरा दिसतो त्यात."

हेडक्लार्कांचं तोंड कडू झालं. (रिटायर झाले तरी घरीदारी ते हेडक्लार्कच होते.) साडू त्यांच्याहून दोन वर्षांनी मोठे, पण डोक्यावर दाट केस, शुगर नॉर्मल, दात स्वतःचे. आता दारही स्वतःचं!

"त्यात काय मोठंसं?" ते म्हणाले. "आपलंही रंगवून टाकतो."

"तुम्ही?"

बायको एवढंच म्हणाली, पण हेडक्लार्कांच्या अंगाचा तिळपापड झाला.

दुसऱ्या दिवशी निळा ऑइलपेंट आला. दुकानदारानं "आधी पॉलिशपेपरनं घासून घ्या" असं बजावलं होतं, पण घासायची कामं त्यांनी ऑफिसातही हाताखालच्यांवरच ढकलली होती. बायको आत जरा पडली होती. दार बंद असलं की हलत नाही, हा शोध लावून त्यांनी बाहेरून ब्रश चालवायला सुरुवात केली. मान दुखते म्हणून वरचा भाग अंदाजानं झाला, गुडघा वाकत नाही म्हणून खालचा स्टुलावर बसून. फट दिसली, तीही रंगानं बुजवली. मधून मधून चहा. तेवढ्यात रंग अर्धवट वाळायचा आणि पट्टे उठायचे.

"अहो, दार उघडत नाहीये," आतून आवाज आला.

"तू बाजूला हो, मी ढकलतो."

त्यांनी जोर लावला. दार उघडलं, हेडक्लार्क थेट पलंगावर जाऊन पडले आणि दारावर मधोमध त्यांचा पंजा उमटला.

संध्याकाळी ते समोर खुर्ची टाकून बसले. उभी हयात दुसऱ्यांच्या मसुद्यातल्या चुका काढलेली नजर. ती काही रिटायर झाली नव्हती. ओघळ दिसले, ब्रशचे चिकटलेले केस दिसले, कोपऱ्यातला जुना रंगही दिसला. एखाद्या ज्युनियरनं असलं काम आणलं असतं, तर त्यांनी ते तोंडावर फेकलं असतं.

नेमके तेव्हाच मेहुणी आणि साडू आले. साडू दारापाशी थबकले.

"हे कुणी केलं?"

हेडक्लार्कांनी निळे हात पाठीमागे घेतले.

"रंगारी बोलावला होता," बायको शांतपणे म्हणाली.

"फसवलं तुम्हाला."

"म्हातारा होता हो," हेडक्लार्क घाईनं म्हणाले. "मान वर होईना, गुडघा वाकेना. पण कबूल करील तर शपथ."

"आणि सारखा चहा," बायको म्हणाली.

"झेपत नाही म्हणून सांगायचं ना सरळ." हेडक्लार्कांचा आवाज खाली आला. "दुसऱ्या कुणाचं चांगलं काम बघून जळत असणार बिचारा."

साडूंनी पंजावरून बोट फिरवलं. "असल्या माणसाला घरात घेऊच नये."

"काय करणार?" बायको बहिणीकडे बघत म्हणाली. "आपल्या बाबांनीच शोधून दिलाय. आता कुठे बदलून मिळतोय?"