कबजियातीचं पोरगं

सकाळी समोरून दगानाना येताना दिसले की आमच्या लिंबायतच्या गल्लीतली माणसं दुसऱ्या बोळात वळतात. नाना कुणाला राम राम घालत नाहीत. लांबूनच ओरडतात, "काय भो, पोट साफ?"

एकदा हे त्यांनी घोड्यावर बसलेल्या नवरदेवाला विचारलं. वर त्याच्या बापाला म्हणाले, "पोराला केळं चारा. आज दिवसभर मैदाच पोटात जानार हाय."

नाना मूळचे धुळ्याकडचे. सगळी उमर लूमच्या खात्यात कापड विणण्यात गेली. आता बायको वारलेली, मुलगा वेगळा, कामरेजला, घरी एकटेच. त्यामुळे सगळा वेळ लोकांच्या पोटांना, त्यांच्या बद्धकोष्ठाला दिलेला. "कबजियात बाप हाय अन् मूळव्याध त्याचं पोरगं," असं ते चहाच्या टपरीवर समजावतात. "बाप मुक्कामाला राह्यला, का पोरगं येनारच!"

माझ्याकडे ते पोरगं आलं. मी कापड मार्केटात दिवसभर गादीवर बसून साड्या दाखवतो. पाणी आठवलं तर पितो. सकाळी संडासात मोबाइल घेऊन कुंथत बसायचो. एक दिवस रक्त दिसलं. मी कुणाला बोललो नाही, बायकोलासुद्धा नाही. पण रिक्षात मला एका बाजूवर कलून बसलेलं नानांनी बघितलं.

"आलं ना पोरगं?"

त्याच संध्याकाळी त्यांनी मला दवाखान्यात ओढत नेलं. भरलेल्या बाकड्यांसमोर माझी सगळी कहाणी त्यांनीच सांगितली. मी छताचा पंखा बघत होतो. डॉक्टरांनी तपासलं. "मूळव्याधच आहे, पण सुरुवात आहे. जोर करून करून शिरा सुजल्यात. पालेभाज्या खा, पाणी प्या, मोबाइल बाहेर ठेवा."

बाहेर आल्यावर मी चिडून म्हणालो, "नाना, जरा हळू बोलत जा ना."

नाना थांबले. "आमच्या घरात हळूच व्हतं रे सगळं. घरवालीला रक्त जायचं. लाजेनं मला बोलली नाही. मूळव्याध असंल म्हनून अंगावर काढलं. निघालं दुसरंच." मग पलीकडच्या हातगाडीकडे बोट करून म्हणाले, "चल, पपई घेऊ."

घरी मी बायकोला सगळं सांगून टाकलं. ती पपई चिरत राहिली. मग मान वर न करताच म्हणाली, "मलापण होतंय. बऱ्याच दिवसांपासून."

सकाळी मी नानांना गाठून विचारलं, बाईडॉक्टर कुठे बसतात? ते दाखवायला आले. रस्त्यात कुणालाही "पोट साफ?" विचारलं नाही. आम्ही आत गेलो, तर ते बाहेर लिंबाखाली उभे राहिले. बायको हसत बाहेर आली. तिचंही माझ्यासारखंच निघालं होतं, औषधानं बरं होणारं. काळजी नाही, अशी मी मान हलवली तसा नानांनी चेहरा पुसला.

गल्लीच्या तोंडाशी शेजारीणबाई उभ्या होत्या. "सकाळी सकाळी तिघं कुठून?"

बायकोनं पदर सावरला. नाना पटकन पुढे झाले.

"माझा गुडघा धरलाय. ही सूनबाई आली व्हती सोबत, बिचारी."

आणि तिथून आपल्या दारापर्यंत ते लंगडत गेले.