दीपगृहातला म्हातारा आणि माशांचं सूप

"बाबा, म्हाताऱ्याचं वाक्य तुम्ही बदललंत?" लेकीने विचारलं.

चोरी पकडली गेली की मुलं काय करतात, हे मास्तरांनी छत्तीस वर्षं इंग्रजीच्या वर्गात पाहिलं होतं. ती खिडकीबाहेर बघतात. मास्तर खिडकीबाहेर बघू लागले.

मूळ प्रकरण त्यांच्या बायकोचं. तिने अकरा वर्षं एकच व्हिडिओ गेम खेळला. तो फक्त जपानीत निघालेला आणि तिला जपानीतलं ओ की ठो कळत नसे. गेममधल्या बेटावर ती शेती करायची आणि रोज दीपगृहातल्या म्हाताऱ्याला माशांचं सूप नेऊन द्यायची. म्हातारा रोज तेच एक वाक्य बोले. "'सुखी राहा' म्हणतो मला," असं तिने परस्पर ठरवून टाकलं होतं.

लेकीला जपानी येत होतं. जगभरचे हौशी लोक करतात तसा इंग्रजी पॅच, म्हणजे गेमवर चढवायचं भाषांतर, ती आईसाठी करणार होती. "सुटं सुटं सांगू नकोस, मी सगळं एकदम वाचीन," आई म्हणायची. "पुढच्या महिन्यात नक्की," लेक म्हणायची. असं म्हणता म्हणता आईच गेली.

मग बापलेक इरेला पेटले. लेक भाषांतर करी, मास्तर लाल पेनाने तपासत. सहा हजार वाक्यं झाली आणि म्हाताऱ्याचं वाक्य आलं : "सूप आणू नका. मला मासे सोसत नाहीत."

त्या दिवशी मास्तर जेवले नाहीत. त्यांनी गुपचूप ते वाक्य खोडून लिहिलं, "उद्याही या हं."

पॅच जगभर गेला. दोन दिवस आभार आले, तिसऱ्या दिवसापासून तक्रारी. 'गेममधला महिनाभर सूप पाजलं, म्हातारा जागचा हलत नाही!' एकाने तळ्यातला शेवटचा मासासुद्धा शिजवला होता. लेकीने पॅच उघडून पाहिला आणि बापाची चोरी सापडली.

"हलेल कसा?" लेक म्हणाली. "सात दिवस सूप बंद केलं, तरच त्याची गोष्ट पुढे सरकते. प्रोग्राममध्ये तसंच लिहिलंय."

"म्हणजे तुझी आई अकरा वर्षं..."

"नको नको म्हणणाऱ्याला पाजत होती."

"पाहुण्यांचं तरी तिने कधी ऐकलं?" मास्तर पुटपुटले.

खरं वाक्य परत घातलं. आता तपासायला हवं होतं, आणि तिथवर पोचलेला, सेव्ह करून ठेवलेला खेळ घरात एकच होता, आईचा. मास्तरांनी कंट्रोलर हातात घेतला. गेममधले सात दिवस ते दीपगृहावरून रिकाम्या हाताने, मान खाली घालून गेले.

आठव्या सकाळी बेटावरच्या आईच्या घराचं दार वाजलं. दारात म्हातारा उभा. हातात वाडगा, वाडग्यात भाजीचं सूप.

"बऱ्याच दिवसांत आला नाहीत. बरं नाही का?"

खाली दोन उत्तरं होती : 'बरी आहे' आणि 'बरी नाही'.

मास्तरांनी दोन्ही उत्तरं पुन्हा पुन्हा वाचली. मग मास्तरांचा हात लाल पेनाकडे गेला.

"बाबा, पॅचला हात लावायचा नाही. दोन्हीतलं एक निवडा. त्याशिवाय तो दारातून हलणार नाही."

मास्तरांनी पेन ठेवलं आणि कंट्रोलरही हळूच खाली ठेवला.

"मग उभा राहू दे," ते म्हणाले. "अकरा वर्षं ती त्याच्या दारात उभी राहिली. आता त्याला ताटकळू दे थोडं."