थांबणाऱ्याची नोंद

वितोमीर गव्रिलोविच या निवृत्त नटाच्या इमारतीतली लिफ्ट ऑगस्ट महिन्यात तिसऱ्या आणि चौथ्या मजल्याच्या मधे थांबली, ती पुन्हा हलली नाही. वितोमीर चौथ्या मजल्यावर राहत. त्यांची बायको कोसारा हिचा खुबा मोडून बसवलेला असल्यामुळे तिला जिने उतरता येत नसत. म्हणजे लिफ्ट आणि कोसारा दोघीही अडकल्या होत्या. फरक इतकाच, की लिफ्टच्या दारावर नगरपालिकेने तशी पाटी लावली होती.

इमारत नगरपालिकेची, म्हणून दुरुस्तीही नगरपालिकेची. आठवडाभराने वितोमीर अर्ज घेऊन निघाले. इतर माणसं असा अर्ज घेऊन जातात तेव्हा त्यांना कोणी ओळखत नाही. वितोमीरांची अडचण नेमकी उलटी होती.

एकोणचाळीस वर्षांपूर्वी, हा देश अजून मोठा होता तेव्हा, सरकारी कचेऱ्यांवर एक विनोदी चित्रपट आला होता. त्यात वितोमीरांना एकोणीस सेकंदांचं काम होतं. एक म्हातारा हातात टोपी धरून खिडकीशी उभा असतो. आतली बाई त्याला चौथ्यांदा परत पाठवते. तो शांतपणे म्हणतो, "मी थांबतो, बाई. पण मी थांबलोय, एवढं कुणीतरी लिहून ठेवा."

बस. चित्रपट लोक विसरले, नायिकेचं नाव विसरले. हे वाक्य मात्र घराघरांत राहिलं. त्या काळी जो तो कशाची तरी वाट पाहत होता. कुणी फ्लॅटची, कुणी टेलिफोनची, कुणी दुकानात कॉफी येण्याची. वाट पाहण्याबद्दल कुणाची फार तक्रारही नव्हती. आपण वाट पाहतोय याचा कुणाला पत्ताच नाही, हे मात्र लोकांना टोचायचं. त्या म्हाताऱ्याने ते बोलून दाखवलं. पुढे देश आटला, पैसे बदलले, झेंडे बदलले. वाक्याला काही झालं नाही. लोक ते बसथांब्यावर म्हणत, दंतवैद्याकडे म्हणत, आणि लग्न पुढे ढकलणाऱ्या मुलाला मुली म्हणत.

नगरपालिकेत खिडकी क्रमांक सहावर दोब्रिला नावाची बाई होती. तिने अर्जावरचं नाव वाचलं, चष्मा काढला आणि वर पाहिलं.

"काका, तुम्ही तेच ना?"

"तोच. पण आलोय लिफ्टसाठी."

"लिफ्टचं बघू हो. आधी ते वाक्य म्हणा. थांबा, मी वरच्या मजल्यावरच्यांना बोलावते."

वरचा मजला खाली आला. वितोमीरांनी टोपी काढून हातात धरली आणि वाक्य म्हटलं. सगळ्या मजल्यांनी टाळ्या वाजवल्या. दोब्रिलाने डोळे पुसले, त्यांना खुर्ची दिली, कॉफी आणि रातलुक या गोड मिठाईची वडी दिली, आणि कॉफीचा कप अर्जावर ठेवला.

"तुमचा अर्ज म्हणजे घरचाच अर्ज, काका," ती म्हणाली. "घरच्या कामाला घाई कसली?"

घरी कोसाराने विचारलं, "काय झालं?"

"टाळ्या मिळाल्या."

"आणि लिफ्ट?"

"तीही मिळेल. फार आपुलकीची माणसं आहेत."

वितोमीर दर मंगळवारी जाऊ लागले. खरं सांगायचं तर पंधरा दिवसांतून एकदा गेलं असतं तरी चाललं असतं. पण प्रांतिक रंगमंदिरातून निवृत्त झाल्यापासून त्यांच्यासाठी कुणी टाळी वाजवली नव्हती. कोसारा त्यांच्याकडे पाहत राही आणि एकदा म्हणाली, "वितो, अर्जाची चौकशी करायला जाताना तू टाय लावतोस." त्यांनी टाय सैल केला.

हिवाळ्यात ही गोष्ट नगराध्यक्ष राडिवोये यांच्या कानावर गेली. ते विचारी गृहस्थ होते. त्यांनी खातेप्रमुखांची बैठक बोलावली.

"एकोणचाळीस वर्षं आपण या वाक्याचा अर्धाच अर्थ घेतला," ते गंभीरपणे म्हणाले. "नागरिक स्वतःहून सांगतोय की तो थांबायला तयार आहे. त्याचं काम करा असं तो कुठेही म्हणत नाही. त्याची मागणी एकच आहे. नोंद. आणि नोंद करणं तर आपल्याला येतं."

त्यानुसार मार्च महिन्यात नगरपालिकेत 'प्रतीक्षा नोंद कक्ष' सुरू झाला. थांबलेल्या नागरिकाला तिथे शिक्क्यानिशी दाखला मिळू लागला, की अमुक यांनी अमुक कामासाठी अमुक तास प्रतीक्षा केली असून प्रतीक्षा समाधानकारक आढळली. कक्षासाठी माणसं हवी होती, म्हणून दुरुस्ती विभागातले तिन्ही कारकून तिकडे नेमले गेले.

लोक खूश झाले. एका निवृत्त सिग्नलमनला एक्केचाळीस तासांचा दाखला मिळाला. त्याने तो चौकटीत घालून घराण्याच्या संताच्या तसबिरीशेजारी लावला आणि मित्रांना राकिया, म्हणजे फळांची दारू, पाजली. दाखल्यासाठी रांग वाढली. मग त्या रांगेत थांबलेला वेळ दाखल्यात धरायचा की नाही, असा प्रश्न उभा राहिला. तो ठरेपर्यंत दाखले देणं थांबवण्यात आलं. लोक थांबून राहिले.

"दोब्रिला, माझ्या लिफ्टचं काय?" वितोमीरांनी विचारलं.

"अर्ज दुरुस्ती विभागात आहे, काका."

"आणि दुरुस्ती विभाग?"

"तो नोंद कक्षात आहे." तिने आवाज खाली आणला. "माझ्या आईच्या इमारतीतली पण बंद आहे, काका. मी इथे असून काही करू शकले नाही. तुमचं वाक्य म्हणते, तेवढंच बरं वाटतं."

शहराच्या सणाला, ऑक्टोबरमध्ये, चौकात चित्रपटातल्या त्या म्हाताऱ्याचा पुतळा उभा राहिला. ब्राँझचा, टोपी हातात घेतलेला. पुतळ्याला लागलेल्या खर्चाबद्दल कुणी विचारलं नाही, कारण पुतळा फार हुबेहूब होता. तुताऱ्यांचा ताफा आला, भाजल्या मांसाचा धूर झाला, शाळेच्या मुलांनी वाक्य एका सुरात म्हटलं. मग नगराध्यक्षांनी वितोमीरांना माईकपुढे आणलं.

वितोमीरांनी टोपी काढली. समोर दीड हजार माणसं ओठ हलवायच्या तयारीत उभी होती. त्यांच्या डोक्यांवरून, चौकापलीकडे, आपल्या घराची चौथ्या मजल्यावरची खिडकी दिसत होती. कोसारा खिडकीत बसली होती. तिने केस विंचरले होते आणि बाहेर जायचा निळा कोट अंगात घातला होता.

वितोमीर माईकजवळ सरकले. साठ वर्षांच्या नाटकधंद्यात ते प्रथमच संवाद सोडून बोलले.

"मी थांबणार नाही," ते म्हणाले. "माझी बायको चौदा महिने वर बसली आहे. आणि मी खाली टाळ्या घेत हिंडलो."

चौकात इतकी शांतता पसरली, की निखाऱ्यावर पडणाऱ्या चरबीचा आवाज ऐकू आला. वितोमीरांना वाटलं, आता काहीतरी होणार. मागे कुणीतरी हुंदका दिला. मग एक टाळी पडली, मग दुसरी, आणि मग सबंध चौक कडाडला. तुतारीवाल्यांनी सूर धरला. नगराध्यक्षांनी त्यांना मिठी मारली. नगराध्यक्षांचे गाल खरोखर ओले होते.

"याला म्हणतात नट," ते माईकमध्ये म्हणाले. "या वयात नवं वाक्य दिलं."

सोमवारी खिडकी क्रमांक सहावरची पाटी बदलली होती. तिच्यावर ठळक अक्षरांत 'मी थांबणार नाही' असं लिहिलं होतं, आणि रांगेतली माणसं ते एकमेकांना म्हणत, हसत, एका पायावरचा भार दुसऱ्यावर घेत उभी होती.

पुढच्या रविवारी इमारतीतले आठ शेजारी वितोमीरांचं अभिनंदन करायला आले. पुढे दुसऱ्या मजल्यावरचा ओब्राद होता. त्याने तीस वर्षं लोकांचं सामान वाहिलं होतं, पियानोसुद्धा तो एकट्याने जिन्याच्या कोपऱ्यावरून वळवायचा. सगळे धापा टाकत आत आले. प्रत्येकाने वितोमीरांचा हात हातात घेऊन वाक्य म्हटलं, मग राकियाचे पेले भरले गेले.

 कोसारा आरामखुर्चीत बसून पाहुण्यांचे खांदे पाहत होती.

"तुम्ही आठ जण वर चढून आलात," ती म्हणाली. "मला या खुर्चीसकट खाली न्यायला चौघं पुरेत."

 ओब्रादने पेला खाली ठेवला. त्याचे डोळे भरून आले होते.

"वहिनी," तो घोगऱ्या आवाजात म्हणाला, "काय बोललात."

त्याने खिशातून फोन काढला आणि ते वाक्य विसरायच्या आत टिपून घेतलं. बाकीच्यांनीही घेतलं. मग जेवणाची वेळ झाली म्हणून सगळे जिना उतरून गेले.

वाक्य चांगलंच आहे. तुम्हालाही आवडलं असेल. कुठेतरी म्हणायला उपयोगी पडेल.