हलकी दुपार आणि चार हात दोर

वर्षातून एकदा, दोन्ही चंद्र भर दुपारी एकामागे एक आले की त्या शहरातल्या प्रत्येक वस्तूचं आणि माणसाचं वजन चाळीस मिनिटांपुरतं जवळजवळ नाहीसं होत असे. कार्यालयीन नोंदींनुसार ही बाब निर्विवाद आहे. पूर्वी लोक या दुपारचं वाटेल ते करत. कुणी एका बोटानं कपाट सरकवून मागचा कचरा काढी, कुणी लठ्ठ काकांना कडेवर घेऊन हौस भागवी. मग एका वर्षी उपसंचालकसाहेब रस्त्यात शिंकले आणि समोरच्या इमारतीच्या दुसऱ्या मजल्यावर वाळत घातलेल्या चादरींत जाऊन अडकले. समिती नेमली गेली. शिंक हा साहेबांचा खासगी विषय असल्यामुळे समितीनं सगळा ठपका हलकेपणावर ठेवला.

नियम झाला. त्या दुपारी प्रत्येक नागरिकानं स्वतःला नोंदणीकृत खुंट्याला चार हात दोरानं बांधून घ्यावं. खुंटे घट्ट आहेत की नाहीत हे हलवून पाहायला खुंटा-तपासनीस नेमले गेले. त्यांतल्याच एकाची ही हकिकत. माणूस सज्जन, नाकासमोर चालणारा. नियमावलीतलं कलम नऊ त्यानं स्वतः लिहिलं होतं, आणि घरी आल्यागेल्याला चहाआधी तो ते वाचून दाखवी.

घरात तो आणि त्याची थोरली बहीण, अक्का. आईमागे तिनंच त्याला लहानाचा मोठा केला. अकरा वर्षांपूर्वी ती पडली आणि तिचे पाय अंगाचा भार पेलेनासे झाले. पण भारच नसला तर ते चालत. नियम येण्याआधी दर वर्षी त्या दुपारी ती गच्चीवर जाऊन यायची. नियम आल्यापासून पाच वर्षं ती खाटेपासून मोरीच्या दारापर्यंत जाऊन परत येत होती.

"बावीस पायऱ्या आहेत," अक्का म्हणाली. "डॉक्टर म्हणतात, पायांतला उरलासुरला जोर यंदापुरताच. एकदा वर जाऊन उभी राहीन म्हणते. जरा लांब दोर मिळतो का बघ ना रे. गाईला तरी कुणी एवढं आखूड दावं लावतं का?"

"अर्ज करू," तपासनीस म्हणाला. "रीतसर."

रीतसर अर्ज घेऊन तो आपल्याच कार्यालयाच्या खिडकीशी उभा राहिला. आत बसलेला कारकून रोज त्याच्या शेजारी बसून डबा खात असे. त्यानं ओळख दाखवली नाही, कारण खिडकीच्या या बाजूला ओळख दाखवायची पद्धत नव्हती.

"चालता येत नाही असा दाखला जोडा."

दाखला जोडला गेला.

"चालता येत नाही, मग लांब दोर कशाला?"

"त्या दुपारी येतं चालता."

"मग त्या दुपारी इथं येऊन डॉक्टरांसमोर चालून दाखवू देत."

"त्या दुपारी डॉक्टर खुंट्याला बांधलेले असतात."

"कुठल्या कलमानं?"

"नऊ," तपासनीस म्हणाला. त्या आकड्याचा अभिमान वाटला नाही, असं पहिल्यांदाच झालं.

दुपार आली तेव्हा अर्ज चौथ्या टेबलावर होता. माठातलं पाणी गोळा होऊन काठावर डुलायला लागलं. अक्का खाटेवरून उठली, चालली, आणि दोर ताणला गेला. दारातून पहिली पायरी दिसत होती.

"मी गाठ सोडतेय," ती म्हणाली.

"अक्का, अर्ज विचाराधीन आहे."

"त्यांना करू दे विचार. माझा झालाय."

गाठ म्हणजे साधी सुरगाठ होती. टोक ओढलं की सुटणारी. पाच वर्षांत शहरातल्या कुणालाही ती सोडता आली असती. तपासनीसाला भीती वाटली, आणि खरं सांगायचं तर भीतीहून जास्त लाज वाटली. त्यानं तोंड भिंतीकडे फिरवलं.

अक्का बावीस पायऱ्या चढली. गच्चीवर अर्धा तास उभी राहिली. उडाली नाही, पडली नाही, कुणाच्या चादरीत अडकली नाही. आजूबाजूच्या गच्च्यांवर आणि दारांत आपापल्या खुंट्याला बांधलेली आळी मान वर करून बघत होती. मग ती खाली आली, खाटेवर बसली आणि भावावर बालंट नको म्हणून स्वतःच गाठ मारून घेतली. तपासनीस तिच्या पायांशी बसून रडला.

कार्यालयाला यातलं काही कळलं नसतं. कार्यालयाला काही कळत नाही. पण तिसऱ्या दिवशी आळीतल्या एक्केचाळीस जणांच्या सह्यांचा अर्ज आला. 'आम्ही पाच वर्षं बांधून घेतो ते काय वेडे म्हणून? दोर दोन हातांचा करावा आणि गाठीऐवजी कुलूप लावावं.' पहिली सही अक्काला रोज वाटीभर भाजी आणून देणाऱ्या शेजारणीची होती. कार्यालयाच्या इतिहासात एका दिवसात मंजूर झालेला हा पहिला अर्ज.

कुलूप बसवायला तपासनीसालाच पाठवलं गेलं. "नीट बसव," अक्का म्हणाली. "नाहीतर तुझी नोकरी जायची." त्यानं नीट बसवलं.

त्या अर्जाखाली अजून थोडी जागा शिल्लक आहे. अक्का जिना चढत असताना 'पण पडली असती तर?' किंवा 'उद्या सगळेच सुटले तर?' असं ज्या वाचकांच्या मनात आलं, त्यांनी कार्यालयीन वेळेत येऊन सही करून जावं. रांग लावायची गरज नाही, आपल्यासाठी वेगळी खिडकी आहे.