जिंकल्याचं अपील

दिनानाथला स्टे मिळाला त्या दिवशी त्यानं जासईत घरोघरी पेढे वाटले. भांडण मोठं नव्हतंच. त्याचं घर आणि त्याच्या वारलेल्या मोठ्या भावाचं घर, मध्ये एकच सामायिक अंगण. भावाची बायको, बयाबाई, सुक्या मासळीचा धंदा करायची. तिला अंगणात पत्र्याची शेड घालायची होती, बोंबील वाळवायला. दिनानाथ म्हणाला, वास येतो. बयाबाई म्हणाली, खाताना नाय येत? झालं. प्रकरण कोर्टात.

स्टेचा कागद दिनानाथनं लॅमिनेट केला आणि अंगणातल्या शेवग्याला खिळ्यानं ठोकला. कागद तीन पानी, त्यानं वाचल्या चार ओळी.

पुढच्या महिन्यात थोरल्या मुलीची, रुतिकाची हळद. आठ दिवस आधी मांडववाले बांबू घेऊन आले. पाहतात तर अंगणाच्या मधोमध प्लास्टिकची खुर्ची आणि खुर्चीत बयाबाई.

"वैनी, उठ. खड्डे मारायचेत."

"मारून दाखव."

"माजा स्टे हाय!"

"तुजाच हाय. दिशा, ये गो, वाच जरा. तुज्या बापानं वाचला नाय वाटतं."

दिशा, धाकटी मुलगी, शेवग्याखाली उभी राहून मोठ्यानं वाचायला लागली. "दोन्ही पक्षकारांनी सदर अंगणात कोणतंही बांधकाम अथवा खोदकाम करू नये. जागा जैसे थे ठेवावी. पप्पा, दोन्ही म्हणजे तुमी पन."

"मना कलतंय! गप बस!"

मांडववाल्यानं बांबू परत टेम्पोत टाकले. म्हणाला, "शेठ, कोर्टाच्या लफड्यात आपल्याला नका घेऊ."

दिनानाथनं करंजाड्याचा एक हॉल बघितला. रुतिका भडकली. "हॉलमध्ये हळद? दहाला डीजे बंद करतात तिथं! आणि लग्नाची गाणी म्हणणारी धवलारीन बोलली, मांडव दारातच पायजे. नायतर मी लग्नच नाय करत."

मग गाठली पनवेलची त्याची वकीलबाई, वैजयंती मॅडम.

"अपील करायचंय," दिनानाथ म्हणाला.

"कशाविरुद्ध?"

"माज्या स्टेविरुद्ध."

मॅडमनी चष्मा काढला. "तो तर आपण जिंकलोय ना?"

"जिंकल्याचंच करायचंय. माज्यावरचा उठवा. तिच्यावरचा राहू द्या."

मॅडमनी अपील टाकलं, हळदीचं कारण देऊन लवकरची तारीख मागितली. जज्जसाहेबांनी पत्रिका पाहिली, दोघांकडे पाहिलं आणि विचारलं, "दीर-भावजय ना? तासाभरात मिटवून या. आदेश करून देतो."

कोर्टाच्या कँटीनमध्ये बयाबाई चहा बशीत ओतून फुंकत होती.

"पोरीच्या हलदीला मी आडवी यायची? मीच तिला आंघोली घातल्यात," ती म्हणाली. "घाल मांडव. पन पक्का घाल हां. मागच्या साली त्या गणूचा मांडव वाऱ्यानं उडाला. नवरी हलदीची, वऱ्हाडी चिखलाचे."

दिनानाथ चिडला. "माजा उडेल? लोखंडी पाइप लावीन!"

"लाव. बुडाला माती टाकशील नुसती."

"सिमिट भरीन!"

"आन वर कापड."

"पत्रा! पत्रा घालीन वर, बोल!"

"बघू," म्हणत बयाबाईनं चहा संपवला.

मॅडम तडजोडीच्या शर्ती लिहायला लागल्या तसा दिनानाथ एकदम सावध झाला. स्टे उठला आणि हिनं मांडवाआड शेड ठोकली तर? तो टेबलावर हात आपटून म्हणाला, "आनि लिवा! मांडव उभा ऱ्हायला की त्या मिनिटापासून स्टे परत चालू. केस संपेपर्यंत अंगनातला एक खिला पन हलवायचा नाय!"

"दोघांनाही लागू होईल हं," मॅडम म्हणाल्या.

"होऊ द्या! मी कुठं शेड घालतोय?"

बयाबाईनं लगेच अंगठा दिला. त्याच शर्तींवर आदेश निघाला.

हळद अशी झाली की तुर्भ्याचे पाहुणे दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत झोपून होते. बयाबाई तर डीजेसमोर सगळ्यात पुढे, कमरेला पदर खोचून. वारा सुटला, पण मांडव तसूभर हलला नाही. दिनानाथ येईल त्याला पाइप ठोकून दाखवत होता.

लग्न पार पडलं. तिसऱ्या दिवशी तो पाना आणि शिडी घेऊन पत्रे उतरवायला आला. मांडवाच्या मधोमध तीच खुर्ची. झेंडूच्या माळा निघाल्या होत्या, त्या दोऱ्यांवर ओळीनं बोंबील लटकत होते. शेवग्यावर नवा कागद, लॅमिनेट केलेला.

"वैनी! ही शेड झाली!"

"शेड कसली? तुजा मांडव. तूच घातलास, सिमिट भरून."

दिनानाथनं तिथूनच मॅडमना फोन लावला. "अपील करायचंय."

"आता कशाविरुद्ध?"

दिनानाथनं वर पत्र्याकडे बघितलं, खाली सिमेंटकडे बघितलं आणि फोन ठेवला. केसची पुढची तारीख पुढच्या वर्षीची होती.

"शिडी घेऊन उभा का हाईस?" बयाबाईनं दोरीवरचे चार बोंबील काढून त्याच्या हातात दिले. "जा, भाजायला सांग. आन दिशासाठी पोरगा बघायला लाग. मांडव तयार हाय."