नातं: पत्नी

बायकोवर छाप पाडायची हुक्की नवऱ्याला अधूनमधून येते. मला ती परवा आली आणि मी माझं सर्व्हिस बुक घरी नेलं. (नियमाप्रमाणे ते ऑफिसबाहेर नेता येत नाही. पण ती कपाटं सांभाळणारा कारकून मीच, त्यामुळे परवानगी लगेच मिळाली.)

याला कारण आमच्या ऑफिसातला ड्रायव्हर. तो अचानक गेला आणि त्याच्या निवृत्तीच्या पैशांसाठी त्याची बायको माझ्या टेबलाशी आली. फाइल उघडली तर वारस म्हणून भलत्याच बाईचं नाव, आणि पुढे नातं: पत्नी! तिच्या धाकट्या दिराला चांगलाच जोर चढला. "दोघी भांडत बसणार. त्यापेक्षा सख्ख्या भावाला देऊन मोकळे व्हा," म्हणाला. मीही चार महिने त्या माउलीला सुनावत होतो, "आधी त्या बाईंकडून हरकत नसल्याचं लिहून आणा." ती म्हणायची, "साहेब, पैशांचं राहू द्या. ती कोण, तेवढं सांगा." ते मला कुठून ठाऊक असणार?

"माणसाने कागद कसे चोख ठेवावेत, ते बघ," असं म्हणत मी बुक बायकोपुढे ठेवलं आणि कौतुकाची वाट बघत बसलो.

"अहो, ही कोण?" तिने वारसाच्या पानावर बोट ठेवलं.

"कोण ही?"

"तुमची पत्नी."

मी हसलो. मग वाचलं. ड्रायव्हरच्या फाइलीतलंच नाव!

"म्हणजे तुम्हा दोघांत मिळून एक?" बायको म्हणाली. "पाळ्या लावल्या होत्यात का?"

"अगं, तेव्हा मी ब्रह्मचारी होतो!"

"आणि तरी पत्नी होती? कमालच आहे."

मला दरदरून घाम फुटला आणि त्या घामातच सगळं आठवलं. आम्ही अकरा जण एकाच दिवशी नोकरीला लागलो होतो, ड्रायव्हरही त्यातलाच. हेडक्लार्कनी स्वतःचा भरलेला अर्ज नमुना म्हणून भिंतीवर चिकटवला आणि दम भरला, "यात आहे तस्संच भरायचं. खाडाखोड केलीत तर याद राखा!" आम्ही तस्संच भरलं. नोकरीचा पहिला दिवस, डोकं कोण वापरतो? ती बाई हेडक्लार्कची बायको होती! आम्ही त्यांना कायम वहिनी म्हणायचो, नाव विचारायची कोणाची छाती होती? (अर्ज हेडक्लार्कनीच तपासले होते. 'बिनचूक' असा शेराही आहे.)

मला वाटलं, सुटलो. पण बायकोचा आवाज एकदम खाली आला. "आणि त्या बिचारीला तुम्ही चार महिने हेलपाटे घालायला लावलेत?"

खरं सांगतो, मी चपला घातल्या आणि तडक वहिनींचं घर गाठलं.

दुसऱ्या दिवशी वहिनी काठी टेकत स्वतः ऑफिसात आल्या. "एकाला सांभाळता सांभाळता माझ्या नाकी नऊ आले, अकरा कुठे घेऊन बसू?" म्हणाल्या आणि हवं ते लिहून दिलं. दीर मुकाट्याने उठून गेला. ड्रायव्हरच्या बायकोने तो कागद दोनदा वाचला.

"म्हणजे तसं काही नव्हतं ना, साहेब?"

"नव्हतं हो बाई. आमचाच गाढवपणा."

ती आधी हसली, मग पदर तोंडाशी धरून खूप रडली. मी उगाच दुसरी फाइल शोधत राहिलो.

संध्याकाळी बायकोने कोरा अर्ज माझ्यापुढे सरकवला. "माझ्यादेखत भरा."

मी ठसठशीत अक्षरात तिचं नाव लिहिलं. नातं लिहिलं. पुढचा रकाना होता वारसाच्या जन्मतारखेचा. मी पेन झटकलं, पंख्याकडे पाहिलं, घसा साफ केला.

"राहू द्या," बायको म्हणाली. "त्यांची मात्र बिनचूक लिहिली होतीत."